गोजराबाईचा घण

आमच्या बेटेगावच्या बिल्डिंगमध्ये कुणाच्या घरी काय शिजतंय ते सुलूला कुकरच्या शिट्टीआधी कळतं, असं लोक माझ्याबद्दल बोलतात. बोलू देत. पण शेजारच्या गोजराबाईची एक गोष्ट मी अकरा वर्षं पोटात ठेवली होती, हे त्यांना कुठे माहीत? आणि एका बुधवारी ओले बोंबील घेता घेता ती माझ्या तोंडातून सुटली, तेव्हापासून पुढचे पंधरा दिवस मला धड घास गिळवला नाही, हेही कुणाला माहीत नाही.

गोजराबाई चव्हाण. तळमजला, माझ्या दाराला दार लागून. वय चौसष्टच्या पुढेमागे, नऊवारी लुगडं आणि खांदे असे, की दारातून जाताना बाई थोडी तिरकी होते. पाण्याचा वीस लिटरचा कॅन एका हाताने उचलते. बिल्डिंगमध्ये लोणच्याच्या बरणीचं झाकण, गॅसचा कॉक, बाथरूमची कडी, जे काही घट्ट बसेल ते शेवटी तिच्याकडे येतं. जिममध्ये जाणारे दोन-तीन तरुणही मान खाली घालून येतात. ती झाकण फिरवून हातात देते आणि म्हणते, "दूध पी रे बाबा."

तिचा मुलगा कैलास. तारापूरच्या एमआयडीसीत एका कारखान्यात स्टोअरकीपर आहे. पितळी व्हॉल्व्ह, तांब्याच्या तारा, मोटारी, सगळं त्याच्या ताब्यात आणि किल्ल्यांचा जुडगा कमरेला. माणूस सरळ, पण भित्रा म्हणाल तर एक नंबर. घरातून निघताना कुलूप चार वेळा ओढून बघतो. कारखान्यातून सुटताना वॉचमनने विचारलं नाही तरी डबा उघडून दाखवतो. मी एकदा चिडवलं, "कैलासभाऊ, भाजी उरलेय ते दाखवता की काय?" तो हसला नाही. म्हणाला, "ताई, विचारायच्या आधी दाखवलेलं बरं असतं."

का बरं असतं, ते मला माहीत होतं. तीच ती गोष्ट.

मी माकुणसारची. लहानपणी भातकापणी आटोपली की आमच्या वाडीच्या कडेला एक बैलगाडी येऊन थांबायची. आंब्याखाली पाल पडायचं, जमिनीत खड्डा करून भट्टी पेटायची, आणि गावातले कोयते, विळे, कुऱ्हाडी तिथे रांगेत लागायच्या. घिसाडी म्हणायचे त्यांना. लोहार खरे, पण गावोगाव फिरणारे. आनंदा नावाचा पुरुष जमिनीत पुरलेल्या बुटक्या ऐरणीपाशी मांडी घालून बसायचा, सांडशीत लाल लोखंड धरायचा. आणि घण कोण मारायचं? बायको. पदर खोचून, उभी राहून, डोक्याच्या वरून. तिच्यासारखी बाई मी दुसरी पाहिली नाही. आनंदा छोट्या हातोडीने लोखंडावर जिथे टिचकी मारेल, बरोबर तिथे तिचा घण उतरायचा. थांबवायचं असलं तर तो तोंडाने बोलत नसे. हातोडी रिकाम्या ऐरणीवर दोनदा वाजवायची, टण टण. की वर गेलेला घणसुद्धा बाजूला वळायचा.

अकरा वर्षांपूर्वी शेजारी नवीन कुटुंब आलं. कैलास, त्याची बायको दिशा, लहानगी स्वरा आणि म्हातारी. म्हातारीने गॅसचा सिलेंडर खांद्यावर घेतला आणि मी ओळखलं. "माकुणसारला यायचा ना तुमी?" मी विचारलं. तिचा चेहराच उतरला. मला आत ओढून दार लावून घेतलं.

"पोरी, हितं कुनाला ठावं न्हाय. आमी साताऱ्याकडचं चव्हाण, यवडंच म्हाईत. कैलासला कळलं तुला ठावं हाय, तर तो घर बदलंल."

मग कारण सांगितलं. कैलास नऊ वर्षांचा असताना एका गावात देवळाची घंटा चोरीला गेली. गावाबाहेर पाल कुणाचं, तर यांचं. घंटा धातूची आणि हे धातू वितळवणारे, झालं. आनंदाला चौकीत नेलं. पोरगा दोन दिवस चौकीच्या पायरीवर बसून आतले आवाज ऐकत होता. तिसऱ्या दिवशी घंटा पुजाऱ्याच्या भाच्याकडे सापडली. आनंदाला सोडलं, पण पोराने त्यानंतर हातोडीला हात लावला नाही. शाळेत गेला, शिकला, लागला. आता त्याच्या घरात ती गुजरातीच्या वळणाची त्यांची बोली बोलायला बंदी. ऐरण पलंगाखाली गोणपाटात. दसऱ्याला तिची पूजा दार लावून. स्वरा आज बारावीला गेली, तरी आजी कोण हे तिला सांगितलेलं नाही.

"त्याचं म्हननं काय," गोजराबाई तेव्हा म्हणाली, "की आये, ज्या दिवशी हितं कळंल त्या दिवशी स्टोअरातला एक नट जरी कमी भरला तरी तो माज्या खिशात शोधतील."

इतकी जड गोष्ट मी अकरा वर्षं सांभाळली. मला पदक द्यायला हवं होतं. आणि मग तो बुधवार आला.

बोईसरच्या बाजारात मी सातपाटीच्या कमळीकडून बोंबील निवडत होते. कमळी घासाघीस करायला लागली की तिच्यापुढे वकील पाणी भरतील. तेवढ्यात खांद्याला कॅमेऱ्याची बॅग लावलेला एक मुलगा आला. "मावशी, इकडे घिसाडी लोक कुठे बसतात?" नाव ज्ञानेश, आलाय मुंबईहून, दुभाष्याही तोच आणि कॅमेरावालाही तोच. त्याच्याबरोबर एक बाई होती, युरोपातल्या स्लोवाकियाहून आलेली, माहितीपट करणारी. नाव रेनाता. आता युरोपातली म्हटल्यावर आम्ही सगळ्या गोरी मडम बघायला माना वर केल्या. तर ही चक्क सावळी, काळेभोर केस, नाकात चमकी.

"आगं बाय," कमळी मोठ्याने म्हणाली, "ही त आमच्यासारखीच काळी हाय. हिला बघाया कशाला पैशे टाकून इमानात बसवलं?"

ज्ञानेशने भाषांतर केलं. रेनाता इतकी हसली की कमळीने तिला दोन बोंबील फुकट दिले. हे मी माझ्या डोळ्यांनी पाहिलंय. सातपाटीत सांगितलं तर कुणी विश्वास ठेवणार नाही.

मग ज्ञानेशने सांगितलं. युरोपात रोमा म्हणून लोक आहेत. हजारेक वर्षांपूर्वी त्यांचे पूर्वज हिंदुस्थानातून तिकडे गेले, असं अभ्यासक सांगतात. रेनाता त्यांतली. तिकडेही त्यांना गावाबाहेर ठेवतात, तिकडेही काही हरवलं की आधी त्यांच्याकडे बोट. तिचा आजोबा लोहार होता. बाकीचे लोहार उभे राहून काम करायचे, तो मात्र जमिनीवर मांडी घालून, बुटक्या ऐरणीवर. लोक त्याला हसायचे. तसे बसणारे लोहार इकडे आहेत असं तिने वाचलं होतं. पण त्यांची पालं दहा दिवसांपूर्वीच पुढे गेली होती आणि बाई चार दिवस नुसती फिरत होती. "घण मारणारी बाई मिळाली असती तर," ज्ञानेश म्हणाला, "पण आता कुठे."

आणि माझं तोंड म्हणालं, "अहो, ती तर माझ्या शेजारी राहते!"

म्हणून झालं, वर बिल्डिंगचा पत्ताही सांगून झाला, तेव्हा कुठे भान आलं. "म्हणजे तसं नाही, म्हणजे..." असं काहीतरी सावरत मी रिक्षात बसले. संध्याकाळी चारला त्यांची गाडी आमच्या फाटकात.

कैलास पहिल्या पाळीवरून घरी आलेला होता. ज्ञानेशने "घिसाडी" हा शब्द उच्चारला मात्र, कैलासने पॅसेजमध्ये डावीउजवीकडे पाहिलं. "चुकीचा पत्ता आहे," तो म्हणाला आणि दार लावलं. कुलपाचा आवाज आतून आला. एकदा, दोनदा, तीनदा. त्याने मला काही विचारलं नाही. विचारलं असतं तर बरं झालं असतं.

दुसऱ्या दिवशी तो कामावर गेल्यावर मीच गोजराबाईपुढे जाऊन उभी राहिले आणि कान धरले. तिने माझे हात कानांवरून खाली ओढले. मग म्हणाली, "ती बाई खालीच बसती का गं? ऐरनीफुडं?"

"तिचा आजोबा बसायचा."

"बोलाव तिला."

माझ्या घरात बोलावलं, पडदे ओढून. रेनाता नाकाला हात लावून म्हणाली 'नाख'. मग 'कान'. मग माझ्या पेटत्या गॅसकडे बोट करून 'याग', म्हणजे आग. गोजराबाईने तिच्या दंडावर थाप मारली. "अगं, ही तर आमच्यातलीच कुठंतरी वाट चुकल्याली!" आणि त्यानंतर म्हातारी त्या बंदी घातलेल्या बोलीत बोलत सुटली. मला शब्द कळत नव्हता. रेनातालाही कळत नव्हता. पण अकरा वर्षांत गोजराबाई इतकी सलग बोललेली मी ऐकली नव्हती.

रेनाताने विचारलं, घण मारताना शूटिंग करू का? मुलाची भीती तिला समजत होती. तिने स्वतःच सुचवलं, "फक्त हात दाखवू. चेहरा झाकून टाकू, पडद्यावर धूसर करता येतो."

गोजराबाईचा आवाज चढला. "तोंड झाकून? टीव्हीत चोराचं तोंड झाकत्यात. माजं कशाला झाकता? घ्यायचं तर पुरं घ्या, न्हायतर राहू द्या."

रेनाताने मान डोलावली. कागदांचा गठ्ठा काढला. त्यावर लिहिलं होतं की ज्याचं चित्रण होईल त्याची सही झाल्याशिवाय ते वापरणार नाही, आणि नंतर नको म्हटलं तर काढून टाकेल. गोजराबाईने अंगठा नाही, सही केली. तीन अक्षरं लिहायला तिला घण मारण्यापेक्षा जास्त घाम आला.

शनिवारी कैलासला दुसरी पाळी होती. तो अडीचला निघणार, आम्ही तीनला सुरू करणार. बिल्डिंगच्या कडेला, फाटकातून दिसेल अशी मोकळी जागा आहे. तिथे ऐरण पुरली, खड्ड्यात कोळसा पेटवला, पंखा फिरवायला ज्ञानेश. लोखंड म्हणजे भंगारातला ट्रकचा पाटा. दिशाने नवऱ्याला काही सांगितलं नव्हतं, पण ती स्वयंपाकघराच्या खिडकीतून हलतही नव्हती. मला फाटकाकडे बघायला बसवलं होतं. मी फाटकाकडे बघत होते, असं मला अजूनही वाटतं. पण गोजराबाईने पदर खोचला, बारा वर्षांनी, म्हणजे आनंदा गेल्यापासून पहिल्यांदा, घण हातात घेतला, आणि सांगा, कुणाची नजर फाटकावर राहील?

सांडशी धरायला कोण, हा प्रश्न आधी कुणाला सुचलाच नव्हता. रेनाता म्हणाली, मी. आजोबांसमोर लहानपणी बसली होती म्हणे. ती ऐरणीपुढे मांडी घालून अशी बसली की गोजराबाई क्षणभर थांबून नुसती बघत राहिली.

पहिला घाव पडला आणि वरच्या सगळ्या गॅलऱ्या भरल्या. स्वरा क्लासहून आली होती, तिची बॅग खांद्यावरच राहिली. "आजी?" ती म्हणाली. आजीला ऐकायला वेळ नव्हता. घाव, टिचकी, घाव, टिचकी. रेनाताची हातोडी बऱ्यापैकी चालत होती. पाटा लांबट होत चालला. वरून कुणीतरी शिट्टी मारली, मोबाइल वर झाले.

एक गोष्ट मात्र रेनाताला कुणी सांगितली नव्हती. लोखंड फिरवायचं असलं तर आधी रिकाम्या ऐरणीवर दोन टिचक्या द्यायच्या. हे सांगायची गरज गोजराबाईला वाटली नाही, कारण तिच्या लेखी ऐरणीपुढे बसणाऱ्याला हे ठाऊक असतंच. घण डोक्याच्या वर होता. रेनाताने टिचकी न देता सांडशी वाकडी केली आणि डावा हात ऐरणीवर पुढे टेकवला.

टण टण!

आवाज ऐरणीचा नव्हता. फाटकाचा होता. गोजराबाईचे हात डोक्याच्या आधी ऐकतात. घण वळला आणि रेनाताच्या गुडघ्यापासून वीतभर लांब मातीत रुतला.

फाटकात कैलास उभा होता. गेटपास विसरला म्हणून परत आला होता. फाटकाची लोखंडी कडी अजून त्याच्या हातात होती. किती वेळ तिथे होता कोण जाणे. ओरडला असता तर म्हातारीने ऐकलं नसतं. हाका तिला कामात ऐकू येत नाहीत, हे त्यालाच माहीत.

तो चालत आला. मला वाटलं आता ऐरण उपटून फेकणार. तो रेनातापुढे वाकला. "उठा बाई," म्हणाला. "हात गेला असता." तिच्या हातातून सांडशी घेतली. लोखंड विझत चाललं होतं. त्याने ते परत निखाऱ्यात खुपसलं, ज्ञानेशला म्हणाला, "फिरव," आणि कारखान्याचा निळा शर्ट अंगात असताना मांडी घालून बसला.

"कैलास," गोजराबाई हळूच म्हणाली, "लोकं बगत्यात."

"बघितलंय त्यांनी. तापलंय, मार."

तीस-बत्तीस वर्षं ज्याने हातोडी धरली नव्हती, त्याची टिचकी एकदाही चुकली नाही. कोयता झाला. वाकवला, धार धरली, पाण्यात बुडवला तेव्हा चर्र झालं आणि स्वरा रडायला लागली. का रडतेस, विचारलं तर म्हणाली, "मला कुणी सांगितलंच नाही." कैलास पाळीला पाऊण तास उशिरा गेला. डोळे मात्र सगळा वेळ गॅलऱ्यांकडे, मोबाइलकडे जात होते.

आमच्या बिल्डिंगचं निम्मं पुरुषमंडळ एमआयडीसीत. त्यातल्या कुणाच्या मोबाइलमधून कुठे काय गेलं ते मला विचारू नका. मी पाठवलं नाही, एवढं मात्र शपथेवर. रविवार गेला. सोमवारी सकाळी कैलास नाश्ता न करता गेला. मी दिवसभर गोजराबाईच्या दारात. ती भाजी निवडत होती. देठं ताटात आणि पालेभाजी केरात टाकत होती. मी मागून पाला उचलून ताटात ठेवत होते.

चारला कैलास आला. शांतपणे चप्पल काढली.

"काय झालं?" दिशाने विचारलं.

"काही नाही. कौतुक केलं साहेबांनी. 'चव्हाण, तुमच्याकडे कला आहे, सांगितलं नाही कधी.' हात मिळवला." पाणी प्यायला. "मग जेवणाच्या सुट्टीत स्टोअरच्या दाराला दुसरं कुलूप लागलं. त्याची किल्ली सिक्युरिटीकडे. आता दोघांनी मिळून उघडायचं."

"सगळ्याच स्टोअरला लावलं आसंल," गोजराबाई म्हणाली.

"आमच्याकडे एकच स्टोअर आहे, आये."

जिला कधी सुट्टी नसते त्या माझ्या जिभेलाच पुढे व्हावं लागलं. मी म्हणाले, "कैलासभाऊ, चूक माझी. बाजारात मी बोलले."

"माहीत आहे ताई," तो म्हणाला. "बिल्डिंगमध्ये दुसरं कोण बोलतं?" आणि त्याही वेळी किंचित हसला. ते हसू मला शिवीपेक्षा लागलं.

मंगळवारी रेनाता आली. तिला फोनवरून कळलं होतं. तिने बसायच्या आधीच सांगितलं, कैलासचा सगळा भाग काढून टाकते, कागदावर त्याची सही नाही, तो कुणालाही दिसणार नाही. ज्ञानेशने मराठीत सांगितलं, तोवर कैलास कागदावरच्या सहीच्या कोऱ्या जागेकडे बघत होता.

"यांना विचारा," तो म्हणाला, "यांनी तिकडे आपण कोण ते उघड सांगितलं, मग काय झालं?"

रेनाता त्याच्यासमोर खाली बसली. मग म्हणाली, तिला बक्षिसं मिळालीत, टीव्हीवर बोलावतात. आणि घराजवळच्या दुकानात गेली की दुकानाचा माणूस अजूनही तिच्या मागे मागे फिरतो. ती त्याला वस्तूंची नावं विचारत बसते, त्याला दमवते.

"म्हणजे संपत नाही," कैलास म्हणाला.

"नाही," ती म्हणाली. त्याला ज्ञानेशच्या भाषांतराची गरज पडली नाही.

"मी नऊ वर्षांचा होतो तेव्हापासून याच दिवसाला घाबरतोय," कैलास म्हणाला. तो रेनाताशी बोलत होता की स्वराशी, कळलं नाही. ती दाराच्या चौकटीला टेकून उभी होती. "वाटायचं, कळलं तर हातकडी घालतील. हातकडी नाही, एक कुलूप लागलं. वाईट आहे. पण मला वाटत होतं त्याच्यापेक्षा छोटं आहे." त्याने पेन मागितलं. "माझा भाग काढू नका. कुलूप तर लागलंच आहे, आता तो भाग काढून माझ्या हाती काय येणार? पण पडद्यावर माझ्या नावाखाली दोन शब्द पाहिजेत. स्टोअरकीपर आणि घिसाडी. दोन्ही. एक गाळलं तर सही रद्द."

"आणि तोंड?" ज्ञानेशने विचारलं.

"आयेने सांगितलंय ना."

सही झाल्यावर त्याने ती पुन्हा वाचली, तारीख तपासली, आणखी एकदा वाचली, मग कागद दिला. घड्याळ बघून डबा उचलला. त्या दिवसापुरती पाळी बदलून दुसरी घेतली होती. दारात स्वरा आडवी आली आणि तिने त्यांच्या बोलीतलं काहीतरी विचारलं. आजीकडून दोन दिवसांत शिकलेलं, मोडकंतोडकं. कैलासने मागे वळून पॅसेजमध्ये कुणी आहे का ते बघितलं. मी होते. मग त्याने तिला त्याच बोलीत उत्तर दिलं, दबक्या आवाजात, आणि कुलूप ओढून न बघता गेला.

गोजराबाई फाटकापर्यंत गेली. त्याची बाइक चिल्हार रोडला लागून वळणाआड गेली तरी ती तिथेच, एक हात गजाला धरून. "रातच्याला सुटताना डबा तपासत्याल का गं त्याचा?" तिने मला विचारलं. मी तिच्याशेजारी जाऊन दुसरा गज धरून उभी राहिले.